ज्याचे कोणी ऐकून घेतले नाही
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेल्या भाषणाचा मजकूर)



आजच्या समारंभात मी दोन शब्द बोलावेत असे चिटणीसबाईंनी सुचविले, तेव्हा मी आधी नाहीच म्हटले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. चारचौघींत उभे राहून बोलण्याचा अनुभव म्हणाल तर भोंडल्याची खिरापत ओळखायला लावण्यापुरताच. पण बाई म्हणाल्या, "तुम्ही मला त्या दिवशी ज्या सिनेमाची गोष्ट सांगितलीत ना, तीच सांगा." म्हणून उभी राहिले आहे. चुकलेमाकले तर सांभाळून घ्यावे.

सिनेमा जपानचा आहे, मुका आहे आणि शंभर वर्षांपूर्वीचा आहे. नाव 'ओरोची'. तो १९२५ साली निघाला. माझी धाकटी मुलगी कॉलेजात शिकते, तिला जुन्या चित्रपटांचा नाद आहे. एका रविवारी दुपारी तिने संगणकावर तो लावला आणि मला म्हणाली, "आई, बस ना पाहायला." मी लसणाचे सूप घेऊन बसले. मूकपट आहे, ऐकायचे तर काही नाही, तेवढ्यात हातचे काम होऊन जाईल, असा माझा हिशोब. अर्ध्या तासानंतर लसूण तसाच सुपात राहिला आणि मी पडद्याकडे पाहत राहिले.

गोष्ट सामुराईंची आहे. सामुराई म्हणजे जपानातला लढवय्या वर्ग. कमरेला दोन तलवारी, एक लांब व एक आखूड, हा त्यांचा मान. तोकुगावा घराण्याच्या अमलात, म्हणजे १६०३ पासून १८६८ पर्यंत, जपानात बहुतेक काळ शांतता होती. लढाया नव्हत्या, पण तलवारी कमरेला होत्याच. मग त्या माणसांचे सारे जीवन दोन गोष्टींवर उभे राहिले. एक म्हणजे कर्तव्य. जपानी लोक त्याला 'गिरी' म्हणतात. धन्याचे, गुरूचे, उपकारकर्त्याचे जे देणे असते ते प्राण गेला तरी फेडायचे. दुसरी गोष्ट म्हणजे अब्रू. त्यातही वरचे आणि खालचे होतेच. कारभाऱ्याच्या मुलाची अब्रू मोठी, साध्या शिपायाची लहान. ज्याचा धनी सुटला त्या सामुराईला 'रोनिन' म्हणत. रोनिनाला घर नाही, दार नाही, आणि त्याच्या शब्दाला किंमतही नाही.

आपल्या गोष्टीचा नायक हेइझाबुरो हा असाच एक साधा, खालच्या पायरीवरचा तरुण सामुराई. गावातल्या एका विद्वान गुरूकडे तो शिकतो. गुरू नीतिशास्त्र शिकवणारे आहेत. चांगले काय, वाईट काय, हेच ते मुलांना सांगतात. त्यांची मुलगी नामिए हिच्यावर या मुलाचे मन आहे, पण ते त्याने बोलून दाखवलेले नाही. गुरूंच्या वाढदिवसाची मेजवानी असते. तेथे मोठ्या कारभाऱ्याचा मुलगा दारूच्या भरात याला डिवचतो आणि दांडगाई करतो. हा प्रथम सहन करतो, शेवटी बाचाबाची होते आणि मारामारी जुंपते. आता दोघे भांडले तर दोष दोघांचा पाहायला हवा की नाही? पण कारभाऱ्याच्या मुलाला कोण बोलणार? सारा दोष हेइझाबुरोच्या माथी येतो.

पुढे एकदा काही तरुण नामिएबद्दल वाईटसाईट बोलत असतात. ते ऐकून हा खवळतो व त्यांच्या अंगावर जातो. मुलीचे नाव राखायला तो भांडतो, पण भांडण कशावरून झाले हे सांगायचे तर तेच घाणेरडे शब्द पुन्हा उच्चारावे लागतील. म्हणून तो गप्प राहतो. गावाला एवढेच दिसते की हा पुन्हा मारामारी करून आला. गुरू त्याला शिष्यवर्गातून काढून टाकतात. जिच्यासाठी हे सारे केले तिलाही ते कळत नाही.

भगिनींनो, येथे मी मुलीला थांबायला सांगितले. म्हटले, "अगं, एवढे नीती शिकवणारे गुरू, त्यांनी एकदा तरी 'बाबा रे, काय झाले ते सांग' असे विचारायला नको होते का?" मुलगी हसून म्हणाली, "आई, विचारले असते तर सिनेमा तिथेच संपला असता." तिने ते थट्टेने म्हटले, पण मला ते फार खरे वाटले.

पुढची गोष्ट थोडक्यात सांगते. हेइझाबुरो गाव सोडतो आणि रोनिन होतो. जेथे जाईल तेथे त्याची वाईट कीर्ती त्याच्या आधी पोहोचलेली. तुरुंगही त्याच्या वाट्याला येतो. एका खाणावळीतली मुलगी त्याला नामिएसारखी भासते, पण तेथेही पदरात निराशाच पडते. हा मुलगा काही संत आहे असे नाही, हे मी मुद्दाम सांगते. तो तापट आहे. हात आधी उचलतो आणि विचार मागून करतो. पुढे वाईट संगतीतही पडतो. पण माणसाला आपण रोज 'वाईट, वाईट' म्हणत राहिलो तर तो चांगला राहावा तरी कोणाच्या आधाराने?

अखेर पोलीस मागे लागलेले असताना तो एका बड्या माणसाच्या घरी आसरा घेतो. या माणसाची ख्याती काय वर्णावी! गरिबांचा कैवारी, अडल्यानडल्याचा त्राता. लोक त्याच्यापुढे वाकतात. आतून मात्र तो पक्का दुष्ट आहे आणि बायकांना फसवून धरून आणणे हा त्याचा धंदा. आणि दैवाचा खेळ पाहा, याच घरात एके दिवशी नामिए आणि तिचा नवरा येतात. प्रवासात अडचणीत सापडलेले ते जोडपे या सज्जनाच्या दयेवर विसंबून येते. घरधन्याची नजर नामिएवर पडते. आता हेइझाबुरोपुढे प्रश्न उभा राहतो. ज्याने आसरा दिला त्याचे देणे मानायचे, की जिच्या घरच्यांनी आपल्याला हाकलले तिला वाचवायचे? गप्प बसला तर आसरा टिकेल आणि जीवही वाचेल. पण तो गप्प बसत नाही. त्या दुष्टाला तो ठार करतो.

आणि मग सारा गाव व सारे शिपाई त्याच्यावर तुटून पडतात. लोकांच्या दृष्टीने त्याने एका पुण्यवान माणसाचा खून केलेला असतो. ती शेवटची लढाई इतका वेळ चालते की पाहणाऱ्याचा जीव कासावीस होतो. एकटा माणूस, आणि चोहोबाजूंनी येणारी माणसे, दोर, काठ्या. त्याचे केस सुटलेले, श्वास लागलेला, पाय लटपटणारे. शेवटी तो दमतो आणि त्याला दोरांनी बांधून नेतात. रस्त्याच्या दुतर्फा लोक उभे. त्यांच्या मते चालला आहे तो एक नराधम. त्या सगळ्या गर्दीत दोनच माणसे खरे जाणतात, नामिए आणि तिचा नवरा. त्यांच्या डोळ्यांना धारा लागलेल्या असतात. तेवढ्यावर सिनेमा संपतो.

आता या चित्रपटाच्या मागची थोडी माहिती मुलीने मला सांगितली, तीही सांगते.

हेइझाबुरोचे काम त्सुमासाबुरो बांदो या नटाने केले आहे. तो १९०१ साली जन्मला आणि १९५३ साली वारला. 'ओरोची' निघाला तेव्हा तो पुरता चोविसाचाही नव्हता, तरी त्याने त्याच वर्षी स्वतःची चित्रसंस्था काढली होती. त्याआधीच्या पुष्कळ चित्रपटांत तलवारीच्या लढाया नाटकातल्यासारख्या, नाचाच्या तालात असत. याने त्यांत वेग आणला, घाम आणला आणि थकवाही आणला. दिग्दर्शक होते बुन्तारो फुतागावा, आणि कथा लिहिली रोकुहेइ सुसुकिता यांनी.

'ओरोची' म्हणजे महाकाय सर्प. चित्रपटात साप कोठेच नाही! चित्रपटाचे नाव आधी दुसरेच होते. त्या नावाचा अर्थ होता गुंड, समाजाबाहेरचा माणूस. सरकारी तपासनिसांना ते खटकले. नाव बदलावे लागले आणि काही भागही कापावा लागला. खटकले ते का, हे समजायला पंडित व्हावे लागत नाही. चित्रपटाच्या आरंभीच अशा अर्थाचे सांगितले आहे की, दुष्ट म्हणून ज्यांना हिणवतात ते सारेच दुष्ट नसतात, आणि थोर म्हणून ज्यांना नमस्कार घडतात ते सारेच थोर नसतात. नमस्कार घेणाऱ्यांना हे कसे रुचावे?

तुमच्यापैकी कोणी म्हणेल, कर्तव्याच्या आणि सत्त्वाच्या गोष्टी आपल्याकडे काय थोड्या आहेत? खरे आहे. आपल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली मुंबईत पहिला चित्रपट दाखवला तोच मुळी राजा हरिश्चंद्राचा. तोही मूकपटच, आणि त्यात तारामतीचे काम एका पुरुषाने केले होते, कारण बायका मिळेनात. पण दोन गोष्टींत एक फरक आहे. हरिश्चंद्राने राज्य सोडले, बायकामुलांना विकले, स्मशानात काम केले, पण त्याची परीक्षा घेणारा कोणीतरी वरून पाहत होता. शेवटी त्याला सारे परत मिळाले. जपानातही सत्तेचाळीस रोनिनांची गोष्ट घरोघर सांगतात. आपल्या धन्याच्या मृत्यूचा त्यांनी सूड घेतला आणि १७०३ साली त्यांना स्वतःचे पोट चिरून मरण पत्करावे लागले. पण त्यांची कीर्ती झाली. तोक्योत त्यांच्या समाध्या आहेत आणि लोक अजून तेथे उदबत्त्या लावतात. आपल्या हेइझाबुरोसाठी देव आला नाही की त्याची समाधी बांधली गेली नाही. जग पाहत असताना कर्तव्य करणे कठीण आहेच. पण जग उलटे समजणार हे ठाऊक असूनही ते करणे किती कठीण असेल! माझ्या अल्पबुद्धीला वाटते, कर्तव्य हे आपल्या हातात असते, अब्रू मात्र शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या हातात असते. म्हणून शेजाऱ्यांचेही एक कर्तव्य आहे.

ते कोणते, हे मला त्या चित्रपटातल्या एका आवाजाने शिकवले. मी म्हटले ना, मूकपट आहे म्हणून ऐकायचे काही नाही? तर ते खोटे ठरले. जपानात मूकपट चाले तेव्हा पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा राहत असे. त्याला 'बेन्शी' म्हणतात. गोष्ट तो सांगे, पुरुषाचा आवाज तोच काढी, बाईचाही तोच, हसे तोच आणि रडेही तोच. बेन्शीचे नाव वाचून लोक तिकीट काढीत. पुढे बोलपट आले आणि या माणसांची अन्नान्नदशा झाली. अकिरा कुरोसावा या जगप्रसिद्ध दिग्दर्शकाचा थोरला भाऊ हेइगो बेन्शी होता. त्याने १९३३ साली जीव दिला. तरी ती कला अगदीच बुडाली नाही. शुनसुइ मात्सुदा नावाचे एक बेन्शी लहानपणापासून हे काम करीत. त्यांनी महायुद्धानंतर गावोगाव विखुरलेले जुने मूकपट जमवले आणि सांभाळले. जपानचे बहुतेक मूकपट भूकंपात, युद्धात आणि हेळसांडीत नष्ट झाले आहेत. 'ओरोची' आपण आज पाहू शकतो हे भाग्यच. मात्सुदांची शिष्या मिदोरी सावातो ही एक बाई आहे आणि तिने या कलेत मोठे नाव मिळवले, हे महिला मंडळात सांगायला मला विशेष आनंद होतो.

आम्ही पाहिलेल्या प्रतीत असा बेन्शीचा आवाज होता. भाषा जपानी, खाली इंग्रजी अक्षरे. मला दोन्ही परकी. मुलगी वाचून मराठीत सांगत होती, म्हणजे ती माझी बेन्शी. शेवटी त्याला बांधून नेतात तेव्हा तिचाही आवाज भरून आला. तेव्हा माझ्या मनात आले की, पडद्यावर या माणसाची बाजू कोणी ऐकत नाही, पण पडद्याच्या शेजारी उभे राहून एक माणूस ती बाजू सांगतो आहे. तो नसता तर हेइझाबुरो कायमचा गुंडच राहिला असता.

आणि मग भगिनींनो, मला त्या रात्री झोप आली नाही. कारण मला आपल्या वाडीतली एक गोष्ट आठवली. ती मी आज सांगणार आहे. ज्यांची आहे त्यांना विचारून सांगते आहे.

बारा वर्षांपूर्वी गणपतीत आपल्या वाडीतल्या एका मुलाने दुसऱ्याला रक्त येईपर्यंत मारले, हे जुन्या बिऱ्हाडांना आठवत असेल. मार खाणाऱ्याच्या घरची वर्गणी दरवर्षी सर्वांत मोठी असे. मारणाऱ्याचे वडील वारलेले, आई चार घरच्या पोळ्या करणारी. सभा भरली. "गुंड आहे, आरतीला येऊ देऊ नका," असे ठरले. त्या मुलाने एक अक्षर काढले नाही. आम्हांला वाटले, बोलायला तोंड असेल तर ना! पुढे त्याला कामावर ठेवायला कोणी तयार होईना, आणि वर्षाच्या आत तो परगावी निघून गेला.

मी त्या दिवशी गॅलरीत कपडे काढत होते. नळावर काय झाले ते मी डोळ्यांनी पाहिले होते. मार खाणाऱ्याने आधी एका मुलीचा हात धरला होता. ती हिसका देत होती आणि हा मुलगा मध्ये पडला. मुलीचे नाव पंचायतीत येऊ नये म्हणून तो गप्प राहिला. आणि मी? त्या घराचे आमच्या घरावर पैशांचे उपकार होते. मी मनाशी म्हटले, आपल्याला काय करायचे आहे, पुरुषमाणसे पाहतील. सभेत मी दुर्वा निवडत बसले होते.

नामिएच्या डोळ्यांत पाणी आले म्हणून मला तिचे कौतुक वाटत होते. मग ध्यानात आले की नामिएला निदान उशिरा कळले. मला तर पहिल्यापासून ठाऊक होते.

गेल्या आठवड्यात मी त्या मुलाच्या आईकडे गेले आणि सगळे सांगितले. तिने पोळपाट बाजूला ठेवला व माझे ऐकून घेतले. मग म्हणाली, "वहिनी, मला तो तेव्हाच बोलला होता. पण माझ्याशिवाय कोणी खरे मानले नाही. तुम्ही तेव्हा एक शब्द बोलला असता, तर माझा मुलगा आज या घरात असता." मला उत्तर सुचले नाही. तिने चहा केला. तो घशाखाली उतरवणे मला फार जड गेले. निघताना मी विचारले, "मंडळात सांगू का?" ती म्हणाली, "सांगा. त्या पोरीचे नाव मात्र घेऊ नका." बारा वर्षांनंतरही तिला त्या मुलीची काळजी! मुलगा कोणाच्या वळणावर गेला ते मला तेव्हा समजले.

त्या आज येथे आपल्यात बसल्या आहेत. सर्वांसमक्ष मी त्यांची क्षमा मागते. त्यांचा मुलगा गुंड नव्हता. तो या वाडीच्या लेकीसाठी भांडला. हे मी पाहिले आहे आणि हे मी कोणापुढेही सांगेन. दिवाळीत तो आला तर निदान माझ्या घरी तरी त्याने फराळाला यावे, एवढी विनंती आहे. यायचे की नाही हा त्याचा प्रश्न.

मंडळापुढे माझी एकच सूचना आहे. आपल्या येथे कोणाबद्दलही, मग ती सभासद असो, मोलकरीण असो वा शेजारचे पोर असो, काही वाईट कानावर आले तर त्या माणसाला समोर बोलावून "तुझे काय म्हणणे आहे?" असे विचारल्याशिवाय काहीही ठरवू नये. आणि जिने काही पाहिले असेल तिने ते तेव्हाच सांगावे. वेळेवर बोललेला एक शब्द एखाद्याचे गाव सुटण्यापासून वाचवू शकतो. सूचना पटली तर कार्यकारिणीने ती वहीत लिहून घ्यावी.

'ओरोची' ज्यांना पाहायचा असेल त्यांनी आमच्याकडे जरूर यावे. मुलगी अर्थ सांगेल, चहा माझ्याकडून. फक्त लसूण निवडायला आणू नये, तो तसाच राहतो.